पाहुणा आणि शिष्य

सन १८८१ च्या वसंत ऋतूंत टोकियो शहरांतील उएनोच्या टेकडीवर एक मोठें राष्ट्रीय प्रदर्शन भरलें होतें. देशांतील कारागिरांचें आणि कलावंतांचें काम एका ठिकाणीं मांडण्याचा सरकारचा हा दुसरा प्रयत्न होता. त्यासाठीं विटांची एक भव्य इमारत नुकतीच उभी राहिली होती. तिचा आराखडा जोसाया कॉन्डर या इंग्रज वास्तुशिल्पज्ञानें केलेला होता. लंडनमध्यें जन्मलेला हा तरुण चार वर्षांपूर्वीं जपानी सरकारच्या नोकरींत आला होता आणि अद्याप तिशीच्या आंतच होता. याच प्रदर्शनांत एका चित्रापुढें लोक थबकत. वाळलेल्या फांदीवर बसलेला एक कावळा, काळ्या शाईच्या थोड्याशा फटकाऱ्यांनीं उतरविलेला. आणि किंमत १०० येन! एका कावळ्याला १०० येन हें ऐकून लोकांना नवल वाटलें. तेव्हां चित्रकार कावानाबे क्योसाई यानें उत्तर दिलें कीं, ही किंमत कावळ्याची नसून तो असा काढतां यावा म्हणून जीं वर्षें घालविलीं त्यांची आहे, अशी गोष्ट सांगतात. त्या वर्षीं चित्रांना जीं पारितोषिकें दिलीं गेलीं त्यांत सर्वांत वरचें पारितोषिक त्या कावळ्याला मिळालें, आणि शहरांतील एका मिठाईवाल्यानें पुरे १०० येन मोजून तें चित्र विकत नेलें.

इमारत बांधणारा आणि कावळा काढणारा हीं दोन माणसें त्याच वर्षीं एका नात्यानें बांधलीं गेलीं. इंग्रज वास्तुशिल्पज्ञ जपानी चित्रकाराचा शिष्य झाला. त्या काळीं जपानांत परदेशी प्रवासी पुष्कळ येत. देवळें, बागा, कागदी कंदील, रेशमी वस्त्रें पाहून ते परत जात आणि कित्येकजण पुस्तकेंहि लिहीत. परंतु जपानी कलांच्या आणि रीतिरिवाजांच्या गाभ्याशीं जे पोंचले ते नुसत्या पाहण्यावर थांबले नाहींत. ते चटईवर गुडघे टेकून शिकावयास बसले. पाहुणा शिष्य कसा झाला, आणि त्यापायीं देणाऱ्याला व घेणाऱ्याला काय लाभलें व काय गमवावें लागलें, हा मेइजी काळांतील जपानच्या इतिहासाचा एक मनोरंजक आणि कांहींसा विषण्ण करणारा भाग आहे.

मेइजी राजवटीचा आरंभ १८६८ सालीं झाला. त्यापूर्वीं दोन शतकांहून अधिक काळ जपाननें आपलीं दारें परकीयांना जवळजवळ बंद ठेविलीं होतीं. नंतर तहांनीं कांहीं बंदरें उघडलीं. तरी परदेशी माणसाला बंदराभोंवतीं १० रींच्या, म्हणजे सुमारें २४ मैलांच्या, आंतच मोकळेपणानें हिंडतां येई. त्यापलीकडे जावयाचें तर सरकारी परवाना लागे, आणि ही अट १८९९ सालापर्यंत टिकली. १८७८ सालीं इझाबेला बर्ड ही इंग्रज प्रवासिनी असा परवाना मिळवून, इतो नांवाचा तरुण दुभाष्या बरोबर घेऊन, उत्तरेकडील खेड्यापाड्यांतून थेट होक्काइदो बेटापर्यंत गेली, तेव्हां ती कित्येक गांवांना दिसलेली पहिलीच परदेशी स्त्री होती.

बाहेरचा माणूस जुनें जपान पाहावयास आंत शिरत होता, नेमकें त्याच वेळीं जपान आपला जुना पोषाख उतरवून टाकीत होतें. १८७१ सालीं सरदारांचीं संस्थानें खालसा झालीं. त्याच वर्षीं सामुराईंना डोक्यावरील बांधीव केंस कापून टाकण्याची मोकळीक मिळाली, आणि १८७६ सालीं कमरेला तरवार लावण्यास बंदी झाली. शिंतो देवस्थानें आणि बौद्ध मठ वेगळे करण्याची आज्ञा १८६८ सालीं निघाली, तिचा आधार घेऊन अनेक ठिकाणीं बौद्ध मठांची मोडतोड झाली. मूर्ति जळाल्या, ग्रंथ रद्दींत गेले. नारा येथील कोफुकुजी या पुरातन मठाचा पांच मजली मनोरा कवडीमोलानें विकावयास काढला होता असें सांगतात. सरदारांच्या आश्रयावर पिढ्यान् पिढ्या जगलेले चित्रकार, नट आणि चहाविधीचे आचार्य एकाएकीं उघड्यावर पडले. पश्चिमेकडून येईल तें घेण्याजोगें आणि घरांतील जुनें टाकण्याजोगें, अशी ती लाट होती.

या लाटेचा मोठा तडाखा क्योतो शहराला बसला. हजार वर्षांहून अधिक काळ राजधानीचा मान भोगलेल्या या नगरांतून १८६९ सालीं सम्राट टोकियोला गेले. त्यांच्यामागोमाग दरबारी मंडळीहि गेली. शहर ओस पडूं नये म्हणून तेथील अधिकाऱ्यांनीं आणि व्यापाऱ्यांनीं प्रदर्शनें भरविण्याचा उपाय योजिला. १८७२ च्या प्रदर्शनासाठीं परदेशी लोकांना क्योतोंत येऊं देण्याची खास परवानगी मिळविण्यांत आली. त्या निमित्तानें दोन गोष्टी जन्मास आल्या. गिओन पेठेंतील नर्तकींनीं ‘मियाको ओदोरि’, म्हणजे राजधानीचें नृत्य, प्रथम सादर केलें. वसंतांतील हा नृत्योत्सव क्योतोंत अजूनहि होतो. दुसरी गोष्ट अधिक नाजूक होती, कारण ती चहाविधीशीं निगडित होती.

जपानी चहाविधि म्हणजे नुसतें चहापान नव्हे. साडेचार चटयांची लहानशी खोली. तिचें दार इतकें ठेंगणें कीं सरदारालाहि तरवार बाहेर ठेवून गुडघ्यांवर सरकत आंत शिरावें लागे. आंत भिंतीवर एखादें चित्र किंवा सुलेखन, एका पात्रांत एखाददुसरें फूल, आणि शेगडीवरील किटलींत खदखदणाऱ्या पाण्याचा आवाज. यजमान हिरव्या चहाची भुकटी पेल्यांत घालतो, तीवर कढत पाणी ओततो आणि बांबूच्या लहानशा रवीनें ती घुसळतो. पाहुणा पेला तळहातावर घेतो, त्याची दर्शनी बाजू आपल्या ओंठांना लागूं नये म्हणून तो किंचित् फिरवितो, चहा पितो, आणि मग रिकाम्या पेल्याचा घाट न्याहाळतो. सेन नो रिक्यू या आचार्यानें सोळाव्या शतकांत घालून दिलेली ही शिस्त त्याच्या वंशांतील तीन घराण्यांनीं जतन केली. आपल्याकडील गायकांच्या घराण्यांत जशी परंपरेची राखण असते तसाच हा प्रकार होय. घराण्याच्या प्रमुखाच्या संमतीवांचून रीतींत फेरफार होत नाहीं.

परदेशी पाहुण्याची अडचण मात्र अगदीं साधी होती. त्याला खालीं बसतां येत नव्हतें. पाय मुडपून, टांचांवर अंगाचा भार टाकून, पाठ ताठ ठेवून तास दोन तास बसणें हें ज्याला लहानपणापासून संवयीचें नाहीं त्याला चहापेक्षां पायांतील कळाच अधिक जाणवतात. उरासेन्के घराण्याचे अकरावे प्रमुख गेनगेनसाई यांनीं ही अडचण ओळखली आणि १८७२ च्या प्रदर्शनासाठीं मेज व स्टुलें योजून चहाविधीचा एक नवा प्रकार रचला. त्याला ‘र्यूरेइ’ म्हणतात. शेगडी आणि भांडीं मेजावर, यजमान स्टुलावर आणि पाहुणेहि स्टुलांवर. त्या वेळीं गेनगेनसाई साठी ओलांडलेले होते, आणि ज्या परंपरेचे ते रक्षक होते ती मोडकळीस आली होती. अशा काळीं माणूस बहुधा हट्टी होतो. गेनगेनसाईंनीं बसण्याची उंची तेवढी बदलली आणि पेला देण्याघेण्याचा आदर होता तसाच राखला. परकीय पाहुण्यासाठीं काढलेली ही सोय आतां ज्यांचे गुडघे दुखतात अशा वृद्ध जपानी मंडळींच्याहि उपयोगी पडते, आणि इतर घराण्यांनींहि ती आपल्या परीनें स्वीकारली आहे.

यजमानानें अशी खुर्ची पुढें केली असतां कांहीं पाहुण्यांनीं ती आपण होऊन बाजूला सारली. एडवर्ड मॉर्स हा त्यांपैकीं एक होय. अमेरिकेच्या मेन प्रांतांत १८३८ सालीं जन्मलेला हा प्राणिशास्त्रज्ञ १८७७ च्या जून महिन्यांत जपानांत आला, तो शिंपल्यांसारखे दिसणारे कांहीं सागरी प्राणी धुंडाळण्यासाठीं. योकोहामाहून टोकियोला जातांना आगगाडीच्या खिडकींतून त्याला ओमोरी येथें शिंपल्यांचा एक प्राचीन ढीग दिसला. तेथील उत्खननानें जपानांतील शास्त्रीय पुरातत्त्वाचा पाया घातला गेला. टोकियो विद्यापीठांत तो प्राणिशास्त्राचा पहिला अध्यापक झाला. पुढें त्याचें लक्ष मातीच्या भांड्यांकडे वळलें. निनागावा नोरिताने या व्यासंगी जाणकाराच्या मार्गदर्शनाखालीं घाट, झिलई, बुडाखालचा ठसा यांवरून भांडें कोणत्या प्रांताचें, कोणत्या भट्टीचें हें ओळखावयास तो शिकला. शिंपल्यांच्या जाति निवडणाऱ्या डोळ्याला हें काम मानवलें.

१८८२ सालीं मॉर्स तिसऱ्यांदा जपानांत आला. या खेपेस त्यानें चहाविधीचे धडे घेतले, आणि ‘नो’ नाट्यांतील गायन शिकण्यासाठीं तो उमेवाका मिनोरु या प्रख्यात नटाकडे जाऊं लागला. नो हें नाट्य कान्नामी आणि झेआमी या पितापुत्रांनीं चौदाव्या शतकाच्या उत्तरार्धांत व पंधराव्याच्या आरंभीं रूपास आणलें. लांकडी मुखवटा, संथ पदन्यास, बासरीची किंकाळी आणि तीन प्रकारच्या वाद्यांचे मोजके ठोके, एवढ्यावर तें चालतें. शोगुनांच्या दरबारीं त्याला मोठी प्रतिष्ठा होती. परंतु शोगुन गेले आणि नट देशोधडीस लागले. कित्येकांनीं मुखवटे आणि जरीचीं वस्त्रें विकून पोट भरलें. उमेवाका मिनोरु मात्र टोकियोंतच राहिले आणि आपल्या घरीं रंगमंच उभारून त्यांनीं प्रयोग चालू ठेविले.

१८७९ सालीं अमेरिकेचे माजी अध्यक्ष जनरल ग्रँट जपानांत आले होते. तेव्हां इवाकुरा तोमोमि या मंत्र्याच्या वाड्यांत त्यांना नोचा प्रयोग दाखविण्यांत आला, आणि ही कला जतन करा, असें त्यांनीं यजमानांना सांगितल्याचें प्रसिद्ध आहे. इवाकुरा स्वतः अमेरिका व युरोप पाहून आले होते. थोर पाहुण्यांना आपल्या देशाचें नाट्य दाखविण्याची तिकडील रीत त्यांना ठाऊक होती. १८८१ सालीं टोकियोंत शिबा येथें नोसाठीं नाट्यगृह उभें राहिलें. एका संध्याकाळच्या पाहुण्याच्या शब्दालाहि त्या काळीं असें वजन होतें. आपल्याच घरांतील ठेव्याची किंमत परक्याच्या तोंडून ऐकावी लागावी, ही गोष्ट मात्र कोणत्याहि स्वाभिमानी राष्ट्राला बोंचल्याशिवाय राहत नाहीं.

ग्रँट पाहून गेले. मॉर्स बसून शिकला. नोच्या गायनाची तालीम आपल्याकडील जुन्या तालमीसारखीच असते. गुरु समोर बसतो, मध्यें ठेंगणी पोथीची चौकी, हातांत मिटलेला पंखा. गुरु एक ओळ म्हणतो आणि शिष्य ती जशीच्या तशी उचलतो. आवाज गळ्यांतून काढावयाचा नसतो. तो पोटांतून यावा लागतो. मॉर्सला स्वरांचा हा क्रम आपल्याकडील कोणत्याच गाण्याशीं जुळेना, आणि पाय तर बधिर होऊन जात. तरीहि तो जात राहिला. स्वतःच्या विषयांत जगन्मान्य झालेला चव्वेचाळीस वर्षांचा हा अध्यापक तेथें नवशिक्या मुलासारखा चुकत होता, आणि त्याच्या चुका दुरुस्त करणारा माणूस दहा वर्षांपूर्वीं निराश्रित झालेला एक नट होता. जपानी घरांवर १८८६ च्या सुमारास मॉर्सनें जें पुस्तक प्रसिद्ध केलें, त्यांत चुलींपासून छपरांपर्यंतच्या रचनेचीं त्यानें स्वतः काढलेलीं शेंकडों चित्रें आहेत. घराकडे अशा बारकाईनें पाहण्याची दृष्टि त्याला त्या चटईवर बसूनच आली असली पाहिजे.

मॉर्सच्याच शिफारशीनें १८७८ सालीं अर्नेस्ट फेनोलोसा हा पंचवीस वर्षांचा अमेरिकन तरुण टोकियो विद्यापीठांत तत्त्वज्ञान व अर्थशास्त्र शिकविण्यास आला. तो जपानी चित्रांच्या नादीं लागला, आणि कानो संप्रदायाच्या चित्रकारांकडे जाऊन जुन्या चित्रांची पारख शिकला. १८८२ सालीं त्यानें टोकियोंत जपानी कलेच्या श्रेष्ठतेवर एक व्याख्यान दिलें. तें जपानी भाषेंत छापलें गेलें आणि गाजलें. कानो होगाई हा त्याच संप्रदायाचा एक थोर चित्रकार, परंतु संस्थान बुडाल्यापासून तो दारिद्र्यांत दिवस कंठीत होता. फेनोलोसानें त्याला महिन्याचें वेतन बांधून दिलें आणि पुन्हां चित्रें काढावयास लाविलें. त्याचें करुणामय कान्नोन देवतेचें शेवटचें चित्र जपानांतील आधुनिक चित्रकलेचा आरंभ मानला जातें. तें पुरें होण्यापूर्वींच १८८८ सालीं होगाई वारला. त्याचा मित्र हाशिमोतो गाहो यानें तें पूर्ण केलें. ज्या टोकियो कलाविद्यालयांत होगाईनें शिकवावयाचें होतें, तें त्यानंतर थोड्याच महिन्यांनीं, १८८९ सालीं, सुरू झालें.

परंतु फेनोलोसाच्याच चरित्रांत दुसराहि एक प्रसंग आहे. नारा प्रांतांतील होर्यूजी मठांत ‘युमेदोनो’, म्हणजे स्वप्नमंदिर, या नांवाचें एक अष्टकोनी देवालय आहे. तेथील कान्नोनची सातव्या शतकांतील मूर्ति कित्येक पिढ्या कोणाच्याहि दृष्टीस पडलेली नव्हती. १८८४ सालीं फेनोलोसा सरकारी अधिकारपत्र घेऊन तेथें गेला. मूर्ति उघडल्यास भूकंप होऊन मठ नाश पावेल, अशी भिक्षूंची श्रद्धा होती. त्याच्या स्वतःच्या हकीकतीप्रमाणें त्यांची पुष्कळ मनधरणी करावी लागली. शेवटीं गंजलेल्या कुलुपांत किल्ली फिरली आणि मूर्तीभोंवतीं गुंडाळलेलें सुमारें ५०० यार्ड कापड उलगडण्यांत आलें. आंतून बाहेर आलेली सोनेरी काष्ठमूर्ति जगांतील श्रेष्ठ शिल्पांत गणली गेली. कलेच्या इतिहासाचा हा मोठा लाभ होय. तथापि ज्यांची ती देवता होती त्यांच्या मनाविरुद्ध, सरकारी कागदाच्या जोरावर, तें वस्त्र सोडलें गेलें, हेंहि विसरतां येत नाहीं. शिष्याला गुरूनें दार उघडीपर्यंत थांबावें लागतें. अधिकाऱ्याला थांबावें लागत नाहीं. एकाच माणसांत हे दोघे नांदत होते. ती मूर्ति आतां वर्षांतून दोनदां, वसंतांत आणि शरदांत, थोडे दिवस दर्शनासाठीं खुली होते. उरलेला काळ ती पूर्वींप्रमाणें झांकलेली असते.

कॉन्डरची गोष्ट या सर्वांहून वेगळी आहे, कारण जुन्याच्या जागीं नवें उभारणें हीच त्याची नोकरी होती. अभियांत्रिकीच्या सरकारी विद्यालयांत तो जपानी तरुणांना विटादगडांचें पाश्चात्य बांधकाम शिकवी. पुढें बँक ऑफ जपानची इमारत आणि टोकियोचें मध्यवर्ती स्टेशन बांधणारा तात्सुनो किंगो हा त्याच्या पहिल्या तुकडीचा विद्यार्थी. १८८३ सालीं कॉन्डरनें ‘रोकुमेइकान’ हें प्रसिद्ध सभागृह बांधलें. परकीयांशीं झालेले विषम तह रद्द व्हावयाचे तर जपान सुधारलेलें आहे हें त्यांना पटलें पाहिजे, या हेतूनें परराष्ट्रमंत्री इनोउए काओरु यांनीं तें उभारविलें. तेथें जपानी मंत्री कोटपाटलोण घालून आणि त्यांच्या स्त्रिया विलायती झगे घालून युरोपीय नाच नाचत. ज्या माणसानें त्यांच्यासाठीं हा दिवाणखाना रचला, तो मात्र शनिवारीं आपल्या घरीं क्योसाईसमोर बसून जपानी शाई घोटीत असे.

क्योसाई हा सोंवळा आचार्य नव्हता. १८३१ सालीं जन्मलेल्या या चित्रकारानें लहानपणीं कुनियोशि या ठसेचित्रकाराकडे आणि नंतर कानो संप्रदायांत शिक्षण घेतलें होतें. तो मद्याचा शौकीन होता, आणि १८७० सालीं एका बैठकींत काढलेल्या उपहासचित्रांपायीं त्याला तुरुंगवास घडला होता. त्यापूर्वीं त्याच्या नांवांतील ‘क्यो’ हें अक्षर ‘वेडा’ या अर्थाचें होतें. सुटकेनंतर त्यानें तसाच उच्चार असलेलें, ‘पहाट’ या अर्थाचें अक्षर घेतलें. अशा गुरूकडे कॉन्डर शिकला तें अगदीं मुळापासून. रेशीम चौकटीवर ताणून त्याला सरस आणि तुरटी यांचें पाणी द्यावयाचें. शिंपल्यांच्या भुकटीचा पांढरा रंग कालवावयाचा. शाईची कांडी दगडावर पाण्यांत सावकाश फिरवावयाची. कुंचला उभा धरावयाचा. गुरूनें काढून दिलेल्या नमुन्याची नक्कल पुन्हां पुन्हां करावयाची, आणि चुकलेली रेघ पुसतां येत नाहीं हें पत्करावयाचें. आराखड्याच्या कागदावर खोडरबर चालविण्याची संवय असलेल्या माणसाला ही शिस्त सोपी गेली नसेल. १८८५ सालीं गुरुशिष्य दोघे मिळून निक्कोच्या देवस्थानांना गेले. क्योसाई आपली रोजनिशी चित्रांनीं भरीत असे, आणि तींत हा दाढीवाला परदेशी शिष्य वरचेवर डोकावतो.

कॉन्डर चित्रकलेवरच थांबला नाहीं. पुष्परचनेचें शास्त्र त्यानें अभ्यासिलें आणि १८९१ सालीं त्यावर ग्रंथ लिहिला. १८९३ सालीं जपानी उद्यानरचनेवर दुसरा ग्रंथ प्रसिद्ध केला. त्याच वर्षीं त्यानें कुमे या जपानी स्त्रीशीं विवाह केला. तीहि नृत्यकलेंत निपुण होती. क्योसाई १८८९ सालीं वारला. गुरूच्या मृत्यूनंतर २२ वर्षांनीं, १९११ सालीं, कॉन्डरनें क्योसाईचीं चित्रें आणि त्याची कामाची पद्धति सांगणारें पुस्तक छापून काढलें. कोणता रंग केव्हां द्यावा, रेशीम कसें तयार करावें, हें त्यांत एका शिष्यानें हातानें करून पाहिलेल्या गोष्टीसारखें लिहिलेलें आहे. जपानांत पुढें बराच काळ क्योसाई दुर्लक्षित राहिला. त्या काळांत त्याचें नांव परदेशांत टिकून राहिलें तें मुख्यतः या पुस्तकानें.

या चित्राला दुसरी बाजूहि आहे. मॉर्सनें जमविलेलीं सुमारें ५००० भांडीं १८९२ सालीं अमेरिकेंतील बोस्टनच्या कलासंग्रहालयानें घेतलीं. फेनोलोसानें आपला चित्रसंग्रह १८८६ सालीं बोस्टनच्याच एका धनिकाला विकला, आणि तोहि त्याच संग्रहालयांत गेला. मॉर्सबरोबर १८८२ सालीं आलेला विल्यम बिगेलो यानें तर चित्रें, मूर्ति, वस्त्रें, तरवारी यांचा प्रचंड सांठा तिकडे नेला. ज्यांनीं जपानी लोकांना आपला ठेवा जपा म्हणून सांगितलें, त्यांच्याच हातून तो ठेवा समुद्रापार गेला. जें त्यांनीं नेलें तें जपानांत राहतें तर कदाचित् रद्दीवाल्याकडे गेलें असतें, असें त्यांच्या बाजूनें म्हणतां येईल, आणि तें खोटें नाहीं. परंतु विकणारे गरजू होते, घेणारे संपन्न होते, आणि विकलेलें परत आलें नाहीं, हेंहि तितकेंच खरें. देशांतील विचारी लोकांना ही गळती दिसूं लागली. फेनोलोसाचा विद्यार्थी ओकाकुरा काकुझो याच्यासारख्यांनीं जुन्या मठांतील वस्तूंची पाहणी करण्यांत वर्षें वेंचलीं, आणि १८९७ सालीं जुन्या देवस्थानांच्या व मठांच्या रक्षणाचा कायदा झाला.

वस्तु नेली कीं मूळ जागीं ती उणी होते. विद्या दिल्यानें उणी होत नाहीं, असें आपल्याकडे म्हणतात. मॉर्सनें उमेवाकांकडून जें गाणें घेतलें त्यानें उमेवाकांचें गाणें कमी झालें नाहीं. फेनोलोसाहि पुढें त्यांच्याच चरणांशीं बसून नो शिकला. त्याच्या टिपणांवरून, त्याच्या मृत्यूनंतर, एझ्रा पाउंड यानें १९१६ सालीं नो नाटकांचीं इंग्रजी रूपें प्रसिद्ध केलीं, आणि त्यांतूनच आयरिश कवि येट्स याला नव्या धर्तीचीं नाटकें सुचलीं.

या देवघेवींत हिंदुस्थानचाहि वांटा आहे. ओकाकुरा स्वतः १९०२ सालीं कलकत्त्यास ठाकूर कुटुंबाच्या सहवासांत होता. १९०३ सालीं त्याचे शिष्य योकोयामा ताइकान आणि हिशिदा शुन्सो हे तेथें आले, आणि त्यांचें काम जवळून पाहून अवनींद्रनाथ ठाकुरांनीं ओल्या कुंचल्यानें रंग धुवून काढण्याची आपली पद्धति बसविली. १९१६ सालीं रवींद्रनाथ जपानांत गेले तेव्हां चहाविधीच्या संयमानें ते प्रभावित झाले. तेथील राष्ट्रवादाच्या उन्मादावर मात्र त्यांनीं उघड टीका केली. त्यांच्या निमंत्रणावरून आलेला आराइ कांपो हा चित्रकार कलकत्त्यास जपानी कुंचल्याचें काम शिकवून, १९१७-१८ च्या सुमारास अजिंठ्याच्या लेण्यांत जाऊन बसला आणि तेथील भित्तिचित्रांच्या नकला उतरवूं लागला. जपानी चटईवर बसलेल्या पाश्चात्य शिष्यासारखाच हा लेण्यांच्या दगडी जमिनीवर बसलेला जपानी शिष्य होय. टोकियोला नेलेल्या त्या अजिंठ्याच्या नकला १९२३ च्या भूकंपांत नष्ट झाल्या.

त्याच भूकंपानें उएनोची कॉन्डरची इमारतहि मोडून टाकली. रोकुमेइकानहि पुढें पाडण्यांत आलें. नवें जपान म्हणून ज्या भिंती त्यानें उभारल्या, त्यांतील या दोन प्रसिद्ध वास्तु उरल्या नाहींत. कॉन्डर १९२० सालीं वारला. त्याच्या आधीं अवघ्या कांहीं दिवसांपूर्वीं त्याची पत्नी वारली होती, आणि टोकियोंतील गोकोकुजी मठाच्या आवारांत दोघांची समाधि एकत्र आहे. क्योसाईच्या वंशजांनीं १९७७ सालीं टोकियोजवळ वाराबि येथें त्याच्या नांवाचें लहानसें संग्रहालय उघडलें. कॉन्डरनें स्वतः काढलेलीं कांहीं चित्रेंहि शिल्लक आहेत. त्यांवर त्याची सही ‘क्योएइ’ अशी आहे. हें नांव त्याला गुरूनें दिलें होतें. त्यांतील पहिलें अक्षर क्योसाईच्या नांवांतील, पहाटेचें. आणि दुसरें तें, ज्यानें जपानी लोक इंग्लंड देशाचें नांव लिहितात.